आई, तुमच्या ताटातला सरंगा

आई, आधी तेच सांगते. तुमची वाडी मी माशाची वाढली.

अंगणाच्या कोपऱ्यात, केळीच्या पानावर भात, त्यावर भाजलेला सरंगा, बाजूला शेवग्याच्या शेंगा आणि कैरीच्या फोडी. सुतक फिटून घरात पुन्हा मासळी आली की गेलेल्या माणसाचं पान, म्हणजे वाडी, वाढून बाहेर ठेवायचं, त्यात त्याच्या आवडीचं घालायचं, ही आपल्याकडची रीत. तुमचे धाकटे दीर आबाकाका म्हणाले, वैनीच्या वाडीत मासळी नको. मी ऐकलं नाही. त्यावरून घरातली दोन-चार माणसं अजून माझ्याशी धड बोलत नाहीत. बोलतील तेव्हा बोलतील.

तुम्ही गेल्याला आज एकवीस दिवस झाले. लोक येतात, पडवीत बसतात, चहा पितात आणि तुमच्याबद्दल बोलतात. "सोशीक होती हो बाई. तेहतिसाव्या वर्षी नवरा गेला, पण कधी तोंडातून ब्र काढला नाही." मी चहाचे कप उचलते आणि मनात म्हणते, काढला होता. चांगला मोठ्याने काढला होता. तुम्ही लोक ऐकायला नव्हतात.

मी या घरात आले ती वैभववाडीहून. घाटाच्या पायथ्याशी वाढलेली मुलगी. आमच्याकडे मासळी यायची बर्फाच्या पेटीतून, दुसऱ्या दिवशीची. पहिल्याच आठवड्यात तुम्ही मला बाजारात घेऊन गेलात, मी एका बांगड्याला बोट लावून "ताजा आहे" म्हटलं, आणि मासे विकणाऱ्या दोघी-तिघी खो खो हसल्या. तुम्ही हसला नाहीत. घरी येताना म्हणालात, "वैभववाडीक मासो गाडीत बसान येता. तुका ताजो कसो कळतलो? शिक." मग कल्ला उघडून लाली बघायची, डोळा फुगीर आहे का बघायचं, पोट दाबून ते पुन्हा वर येतं का बघायचं, सगळं तुम्हीच शिकवलंत. सरंग्याला तुम्ही कधी पापलेट म्हटलं नाहीत. पापलेट मुंबईवाले म्हणतात, म्हणायचात.

तुमच्या हातची माशाची आमटी खायला माणसं कणकवलीहून यायची. आणि तुम्ही स्वतः त्या आमटीचा थेंबही चाखायच्या नाहीत. तुमचं वरण-भाताचं ताट वेगळं, जागा वेगळी, आम्ही उठल्यावर. मीठ लागलंय की नाही हे तुम्ही टोपावर वाकून, डोळे मिटून, वासावरून सांगायच्या. मला त्याचं कौतुक वाटायचं, आई. कौतुक! माझ्या माहेरी मी सांगितलेलं आठवतं, "आमच्या आईंना मासे आवडतच नाहीत, पण करतात बघा कसे." चोवीस वर्षं मी हे वाक्य लोकांना सांगत राहिले. एकदाही तुम्हाला विचारलं नाही, खरंच आवडत नाहीत का म्हणून.

यासाठी मला क्षमा नको. क्षमा मागायला तुम्ही समोर नाही, आणि असता तर "गप रव" म्हणाला असतात. पण लिहून ठेवते.

मग तुमच्या सुधीरच्या छातीत कळ आली. कोल्हापूरला नेलं, दोन ठिकाणी नळ्या बसवल्या आणि घरी पाठवताना डॉक्टरांनी कागद दिला. खोबरं बंद, तळण बंद, तेल मोजून. मालवणच्या माणसाला खोबरं बंद सांगणं म्हणजे बोलायचं बंद सांगण्यासारखंच. सुधीर आमच्या औषधांच्या दुकानात दिवसभर लोकांना पथ्यं सांगतो आणि स्वतः पहिल्याच दिवशी ताटावरून उठला. म्हणाला, उकडलेली भाजी खाऊन जगण्यापेक्षा...

तुम्ही त्याला पुढचं बोलू दिलं नाहीत.

त्या थंडीत मी मासा भाजायला सुरुवात केली. तुळशीची लग्नं होऊन गेली होती, बाजारात कणगी आली होती, आपली ती लहान खडबडीत कंदमुळं. घरच्या वेलावर लाल भोपळे होते, वाफ्यात वांगी. न्हाणीची चूल संध्याकाळी पेटायचीच, पाणी तापवून झालं की करवंट्यांचे निखारे उरायचे. मी त्यावर बिडाची जाड कढई ठेवली, तळाला केळीचं पान घातलं. कणगी आधी, कारण ती शिजायला वेळ घेतात. मग भोपळ्याच्या जाड फोडी, चिरा दिलेली वांगी, अख्खे लहान कांदे. मासा शेवटी. सरंग्याला दोन्ही अंगांनी चिरा, त्यात मीठ, हळद, ठेचलेली लसूण, मिरी आणि कोकमाचं आगळ. एवढंच. वरून पान, पानावर झाकण, झाकणावर चार निखारे.

तुम्ही न्हाणीच्या दारात उभ्या राहून म्हणालात, "न्हाणीच्या चुलीर मासो? आणि मासळीत भोपळो? विद्या, तुझा डोक्या ठिकाणार आसा मां?"

"सुधीरसाठी आई. खोबरं नाय चालणा."

"खोबऱ्याशिवाय मासळी म्हणजे दुखणेकऱ्याचा जेवण."

"दुखणेकरीच आसा तो."

तुम्ही गेला मात्र नाहीत. लाकडी पाट ओढलात आणि चुलीसमोर बसलात. मला वाटलं, चुका काढायला बसला आहात. काढल्याही. कणगी मोठी चिरलीस, निखारे एका बाजूला जास्त आहेत, मासा इतक्या लवकर घालू नकोस. झाकण काढलं तेव्हा पानाचा, लसणीचा आणि माशाचा असा एकत्र वास आला. तुम्ही डोळे मिटलेत. मी तेव्हा समजले, मीठ बघताय.

सुधीर त्या दिवशी पोटभर जेवला. भोपळ्याच्या फोडीत माशाचं पाणी मुरलं होतं, तो ती बोटांनी निपटून खात होता. तुम्ही खांबाला टेकून त्याच्याकडे बघत होतात.

पुढच्या आठवड्यात पुन्हा केलं, तुम्ही पुन्हा पाटावर. तिसऱ्या वेळी जेवायला बसलो, मी सुधीरला वाढलं, मला वाढून घेतलं, आणि तुम्ही आतून तुमचं ताट घेऊन आलात. रिकामं ताट. आमच्या बरोबर येऊन बसलात.

"माका वाढ," म्हणालात.

मी वरणाचं भांडं उचललं.

"ता नको. हेतुरलो वाढ." तुम्ही कढईकडे बोट केलंत.

सुधीरचा घास हातातच राहिला. "आई, तू मासळी खातंस?"

"लगीन झाला तेवा खायचंय," तुम्ही म्हणालात. "मगे सोडूक लावल्यानी. आता परत खातलंय."

मी वाढलं. तुम्ही सरंग्याचं वरचं मांस अलगद बाजूला केलंत, मधला काटा शेपटीकडून धरलात आणि एका ओढीत अख्खा बाहेर काढून ताटाच्या कडेला ठेवलात. इतक्या वर्षांनी तुमच्या बोटांना सगळं पाठ होतं. पहिला घास खाल्लात. मग दुसरा. आम्ही दोघं बघत बसलो. मला वाटलं, आता तुम्ही रडाल. मी पदर हातात घेऊन तयार होते.

तुम्ही म्हणालात, "मीठ कमी आसा."

आणि हात पुढे करून मीठ मागितलंत.

दुसऱ्या दिवशी दुपारी शेवग्याचा पाला निवडताना तुम्ही मला सांगितलंत. मी विचारलं नव्हतं, तुम्हीच बोलायला लागलात. मामंजी कावीळ होऊन गेले. सुधीर सहा वर्षांचा. सुतक फिटलं, घरात मासळी आली, रांधायला तुम्हालाच बसवलं, कारण हात तुमचा. सगळ्यांबरोबर तुम्हीही जेवायला बसलात. तुम्हाला कुणी काही सांगितलं नव्हतं. तुमच्या सासूबाई आल्या, तुमच्या ताटातला तुकडा उचलला आणि शेजारी बसलेल्या आबाकाकांच्या ताटात घातला. म्हणाल्या, "आता ह्या तुझा नाय."

"आणि काकांनी?" मी विचारलं.

"खाल्ल्यानी. तेवीस वर्सांचे होते. भूक होती."

तुम्ही हे कसलाही राग न आणता सांगत होतात. मग एकदम म्हणालात, "सोडूचा म्हणान मी सोडलंय असता तर माका काय वाटाचा नाय. देवासाठी कितीक लोक सोडतत. पण माझ्या ताटातसून उचलल्यानी मां. आणि रांधूक मातर माकाच लायल्यानी."

मी म्हटलं, "आई, तुम्ही मला कधीच का नाही सांगितलंत?"

तुम्ही पाल्यातून डोकं वर काढलंत. "आणि तू कधी इचारलंस?"

आपलं हे भांडण तिथेच राहिलं. पुढे वर्षभर ते मधूनमधून डोकं वर काढायचं. मी म्हणायची, माणसाने तोंड उघडायला हवं. तुम्ही म्हणायचात, समोरच्याने डोळे उघडायला हवेत. आता दोन्ही बाजू मलाच मांडाव्या लागतात. आणि आई, खरं सांगू? अजूनही मला वाटतं की थोडी चूक तुमचीही होती. तुम्ही गेलात म्हणून मी माघार घेणार नाही. पण जास्त चूक माझी, हे आज कबूल करते. तुम्ही असताना नुसती तोंडाला तोंड देत राहिले.

आबाकाकांना कळायला फार दिवस लागले नाहीत. शेजारचंच घर. एका संध्याकाळी ते वर्तमानपत्र मागायला आले आणि तुम्ही ताटावर होतात. ताटात काटा होता. काका कचेरीत नोकरी केलेले, रागावले की शुद्ध मराठीत शिरतात.

"वैनी, हे काय चाललंय? या वयात? घराण्यात कुणी केलं नाही असलं काही. लोक काय म्हणतील?"

मी उठायला लागले. तुम्ही डाव्या हाताने मला खाली बसवलंत.

"भावजी, बसा," तुम्ही म्हणालात. "लोकांचा मगे बघूया. सोडूक सांगल्यानी तेवा माका कोणी इचारूक नाय. मगे आता खाताना मी कोणाक कित्याक इचारू?"

"दादाच्या आठवणीचा तरी मान..."

"तुमच्या दादान माका कधी ताटार एकटा बसवूक नाय. तेच्या आठवणीचा माका सांगू नकात." तुमचा आवाज चढला नव्हता. "माझ्या ताटातलो तुकडो तुमच्या ताटात घातल्यानी, तुमी खाल्लात. तेचो राग मी आजपर्यंत धरूक नाय. पण आता माझ्या ताटाकडे बघू नकात. होया तर वाढतंय. नाय तर वाट मोकळी आसा."

काका वर्तमानपत्र न घेताच गेले. त्या घटकेला मी तुमच्याकडे पाहिलं आणि मला कळेना की ही बाई इतकी वर्षं कुठे होती. नंतर समजलं, कुठेच गेली नव्हती. आमच्यासाठी रांधत होती.

आई, हे सगळं लिहिताना मला तुमची मूर्ती करायची नाही. ते काम पडवीत बसणाऱ्यांनी घेतलंच आहे. शालूमावशीचं मी विसरले नाही. तुम्हीही विसरला नव्हतात.

शालूमावशी तुमची धाकटी बहीण, कणकवलीला राहते. तिचे यजमान गेले तेव्हा तुम्ही तिच्याकडे महिनाभर जाऊन राहिला होतात. मला वाटायचं, आधाराला. आधाराला होतातच, पण आणखी एक गोष्ट करून आला होतात. तिच्या सुनेने ताटात मासा वाढला, तेव्हा तुम्ही म्हणाला होतात, "शालू, आता नको. माझ्याकडे बघ, मी रवलंय मां." तिने तुमच्याकडे पाहिलं आणि सोडलं.

हे तुम्ही मला एसटीत सांगितलंत, मालवणहून कणकवलीला जाताना. मांडीवर डबा होता. सकाळी उठून तुम्ही स्वतः भाजलेला मासा, त्यात तुमच्या हट्टाने घातलेली दोन तिरफळं. कसालला गाडी थांबली तेव्हा तुम्ही म्हणालात, "जा माझ्यार झाला, ताच मी तिच्यार केलंय." मग कणकवली येईपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिलात.

शालूमावशीने डबा उघडला. आत काय आहे ते पाहिलं. तुम्ही तिच्यासमोर हात जोडल्यासारखे करून बसला होतात, मी तुम्हाला तसं कधी पाहिलं नव्हतं.

"शालू, मी खातंय आता. तुया खा. माझी चूक झाली."

मावशीने शांतपणे डब्याचं झाकण लावलं. "आक्का, तू सांगितलंस म्हणान मी सोडलंय. आता तू सांगतंस म्हणान धरू? मदी माझा काय आसा की नाय?"

तुम्ही चहा घेतलात, तिच्या नातीच्या शाळेचं विचारलंत, आणि निघालो. डबा तसाच परत आला. गाडीत मी म्हटलं, मावशी रागावल्या, होतील शांत. तुम्ही मान हलवलीत. "रागावली नाय. खरा बोलली. उपाशी ठेवलेल्या माणसाक आपण वाढला म्हणजे फिटला, असा नसता गो."

तुम्ही तिच्याकडे पुन्हा तीनदा गेलात, डबा न घेता. ती जेवायला वाढायची ते जेवलात, वरण-भात असला तर वरण-भात. याला मी मोठेपणा म्हणते. सरंग्याचा काटा एका ओढीत काढण्यापेक्षा हे अवघड होतं.

त्या चौदा महिन्यांत आपण दोघींनी काय काय भाजलं! थंडी सरताना वालीच्या शेंगा आणि कांद्याची पात. उन्हाळ्यात कैरी, मग आगळाची गरज नाही. पावसात समुद्राची मासळी बंद, तर खाडीतली काळुंदरं आणि वरून पडवळ, दोडकी. तुम्ही म्हणायचात पडवळ माशाजवळ ठेवू नको, पाणी सोडतं. मी ठेवायची. पाणी सोडायचं. तुम्ही बघायच्या माझ्याकडे आणि भात जास्त घ्यायच्या, त्या पाण्याबरोबर. खोबऱ्याशिवायची मासळी म्हणजे दुखणेकऱ्याचं जेवण हे मत तुम्ही शेवटपर्यंत सोडलं नाहीत. पण ताटात उरलेलं मी कधी पाहिलं नाही.

शेवटच्या आठवड्यात तुम्हाला गिळायला त्रास होऊ लागला. मी भोपळा आणि माशाचा मऊ भाग कुस्करून चमच्याने भरवत होते. काकी, म्हणजे आबाकाकांची बायको, भेटायला आल्या आणि दारातूनच म्हणाल्या, "आता तरी नको गो. जाताना तोंड शुद्ध रवांदे." तुम्हाला ऐकू गेलं. तुम्ही डोळे उघडलेत, काकींकडे पाहिलंत आणि तोंड उघडलंत. माझ्यासाठी. चमच्यासाठी. बोलायची ताकद नव्हती, पण ते उत्तर मी आयुष्यभर जपणार आहे.

आणि मग तुम्ही गेलात. ते मी लिहीत नाही. घरात सगळ्यांना माहीत आहे आणि मला ते पुन्हा बघायचं नाही.

तेरावं झालं. गोडाचं जेवण झालं. दोन दिवसांनी मासळी आणायची ठरली, आणि आबाकाका पडवीत बसून म्हणाले, "घरात करा काय तां, पण वैनीच्या वाडीत मासळी नको. वरण-भात वाढा. तिची सगळी वर्सां गेली तशीच. ह्या वर्सा-दीड वर्साचा काय धरतंस?"

मी म्हटलं, "काका, मामंजींच्या वाडीत दरवर्षी काय वाढतात?"

सगळ्यांना ठाऊक आहे काय वाढतात. तळलेला मासा वाढतात, आणि आईंनीच तो इतकी वर्षं तळला.

"बाप्याचा वेगळा आसता," काका म्हणाले.

"वेगळा नसता," मी म्हटलं. "गेलेल्याच्या आवडीचा वाढतत. आईंनी चौदा महिने मागून खाल्ल्यानी. सोडलेली वर्सां तेंची नव्हती, तुम्ही लादलेली होती. तेंची वर्सां ही. मी तेंच्या वर्सांचा वाढतलंय."

सुधीर माझ्याजवळ आला, हळूच म्हणाला, "जाऊ दे विद्या. आई आता गेली. वाद कशाला?"

आई, तुमच्या मुलावर मला त्या क्षणी फार राग आला. मी म्हटलं, "तुझ्यासाठी भाजत होते म्हणून तिला मिळालं. नाही तर तुला तरी कधी दिसलं होतं तिचं ताट?" हे मी बोलायला नको होतं. मलाही कुठे दिसलं होतं? तो आत गेला. पण सकाळी मी उठले तर तो घरात नव्हता. साडेसातला आला, चालत, हातात पिशवी. त्यात सरंगा. एवढा मोठा, कल्ला लालभडक. "मी निवडलाय," म्हणाला. "आईने शिकवलं तसा." मग न्हाणीची चूलही त्यानेच पेटवली.

मी कैरीच्या फोडी, शेवग्याच्या शेंगा आणि कांदे घेतले. जे आता बाजारात आहे ते. मीठ तुमच्या अंदाजाने घातलं.

वाडी सुधीरने उचलून अंगणात नेली. आबाकाका खुर्चीतून उठले, चपला घातल्या आणि आपल्या घरी गेले. जेवले नाहीत. मी त्यांना थांबवलं नाही. एकदा वाटलं, म्हातारं माणूस, उपाशी जातंय. मग म्हटलं, जाऊ दे. त्यांच्या ताटातलं कुणी उचललेलं नाही. स्वतःहून उठले आहेत.

शालूमावशी आली होती. ती पंगतीत बसली, मी तिच्यासमोर उभी राहिले. हातात माशाची कढई आणि वरणाचं भांडं, दोन्ही. "मावशी, काय वाढू?"

"वरण," ती म्हणाली. मी वरण वाढलं. मी पुढे सरकणार तोच तिने माझं मनगट धरलं. "माका आजपर्यंत कोणी इचारूक नाय गो," म्हणाली. "आक्काचीच सून तू." आणि तिने शांतपणे भात कालवला.

तर आई, असं झालं. मी हे तुम्हाला समाधानासाठी सांगत नाही. काका अजून बोलत नाहीत, काकींनी गल्लीत मला नावं ठेवायचं सोडलेलं नाही. परवा दुकानात एक बाई औषध घेता घेता म्हणाली, "तुमी म्हणे वाडीत..." मी म्हटलं, "होय, सरंगा. भाजलेला. शेवग्याच्या शेंगांबरोबर." तिला बहुतेक मी लाजेन असं वाटलं होतं. मी तिला गोळ्या जेवणाआधी की नंतर ते सांगितलं आणि पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळले. तुम्ही असता तर म्हणाला असतात, विद्या, इतकी फणफणू नको, रक्तदाब वाढतलो. पण फणफणायला मी तुमच्याकडूनच शिकले. फार उशिरा शिकले, म्हणून जरा जास्त करते.

एक गोष्ट मात्र तुम्हाला ठाऊक नाही, ती सांगून थांबते.

काल दुपारी मागच्या दारावर टकटक झाली. रेश्मा होती, खालच्या आळीतली. तिचा नवरा दोन वर्षांपूर्वी ट्रॉलरवर असताना गेला. वय चौतीस. हातात एक वाटी. मला म्हणाली, काकी, ही तुमची आमच्याकडे राहिली होती. वाटी आमची नव्हती. आम्हा दोघींनाही ते माहीत होतं. मी आत घेतलं, पाणी दिलं. ती बराच वेळ इकडची तिकडची बोलली. मग खाली बघत म्हणाली, "काकी, ता भाजतात कसा?"

मी तिला सगळं सांगितलं. कणगी आधी, मासा शेवटी, पान दोन्ही बाजूंनी. आता कणगी नाहीत तर कैरी घे. ती लक्ष देऊन ऐकत होती, मग एकदम थांबली. "मी खातंय तशी. सोडूक नाय. भांडी घासताना टोपात जा उरता ता. सासूक म्हायत नाय."

टोपाला चिकटलेलं खाऊन दोन वर्षं. आणि माझ्यापासून शंभर पावलांवर.

"रेश्मा," मी म्हटलं, "उद्या संध्याकाळी जेवूक ये. पुढच्या दारान ये. आणि सासूक घेऊन ये."

"ती येवची नाय, काकी."

"तू इचार तर खरा."

आज संध्याकाळी चूल पेटवली तेव्हा मला खात्री नव्हती. सुधीरने काळुंदरं आणली होती, खाडीची. भेंडी होती, कैरी होती. दिवेलागणीला फाटक वाजलं. रेश्मा पुढे, मागे तिची सासू, डोक्यावर पदर, चेहरा आंबट. पायऱ्या चढून ती पडवीत थांबली. कढईचा वास तिथपर्यंत आला होता.

"मी जेवूक नाय इलंय," ती मला म्हणाली. "फक्त बघूक इलंय, ही खंय बसान काय खाता ता."

"बरा," मी म्हटलं, आणि आत चार ताटं मांडली. "या. बसान बघा."